दहा नंबरचं कुलूप

आमच्या कारखान्यात रद्दी येते आणि पुठ्ठा होऊन बाहेर पडते. मधे तिचं काय होतं ते बघायचं असेल तर पल्परपाशी यावं लागतं. पल्पर म्हणजे दोन पुरुष उंचीचं, वरून झाकलेलं पोलादी पिंप. तळाशी मोटारीवर फिरणारं पातं, बाजूला पाण्याचा नळ, वर रद्दी आत सोडणारा सरकता पट्टा. बटण दाबलं की पाणी आणि पातं एकदमच सुरू होतात आणि वीस मिनिटांत टनभर कागदाचा राखाडी लगदा होतो. पल्पर थांबला की त्याच्या पुढची सगळी मशीनं हात बांधून उभी राहतात.

मी इथली मेंटेनन्स इंजिनिअर. माझं काम एका वाक्यात सांगायचं तर काही घडू न देणं. ज्या दिवशी ते उत्तम जमतं त्या दिवशी काहीच होत नाही, आणि काहीच न झाल्याबद्दल आजवर कुणी कुणाची पाठ थोपटलेली मी पाहिलेली नाही. कामगार मागे मला यादीबाई म्हणतात. मला ते माहीत आहे हे त्यांनाही माहीत आहे. माझ्याकडे प्रत्येक मशीनची यादी आहे, प्रत्येक यादीत चोवीस कामं आहेत आणि चोविसाव्या कामापुढे सही झाल्याशिवाय मी कुणाला बटणाला हात लावू देत नाही.

हेडफिटर माझा सख्खा मोठा भाऊ. तो इथे माझ्या आधी वीस वर्षं होता. मी नोकरीला लागले त्या आठवड्यात त्याने मला मशीन ऐकायला शिकवलं. लांब स्क्रूड्रायव्हरचं टोक बेअरिंगवर टेकवायचं, मूठ कानाला लावायची आणि तोंड बंद ठेवायचं. "शेवटचं तुला जड जाईल," तो म्हणाला होता. बेअरिंग बिघडायच्या महिनाभर आधी कुरकुरायला लागतं, नळातला रबरी पडदा झिजला की बारीक सुस्कारा येतो, हे सगळं मला त्याच्या त्या स्क्रूड्रायव्हरने सांगितलं. अजून एक गोष्ट त्याची. पल्परच्या आत असताना बाहेरच्याला हाक मारून उपयोग नसतो, आवाज आतल्या आत फिरत राहतो. म्हणून पत्र्यावर तीनदा ठोकायचं, थांबायचं, पुन्हा तीनदा. त्याचा अर्थ, मी आत आहे.

कुलपांचा नियम मात्र माझा. आधीच्या नोकरीत मी एकदा एका माणसाला मशीनमधून बाहेर काढताना पाहिलं होतं. त्याबद्दल मी बोलत नाही, कुलपं लावते. मेंटेनन्सच्या दिवशी मुख्य स्विच खाली ओढायचा, त्याच्या दांड्यात भोकं असलेली एक पोलादी पट्टी अडकवायची आणि पल्परवर काम करणाऱ्या प्रत्येकाने त्या पट्टीत आपलं स्वतःचं कुलूप लावायचं. शेवटचं कुलूप निघेपर्यंत स्विच वर जातच नाही. आम्ही नऊ जण, म्हणून कुलपं नऊ. भिंतीवर लाकडी फळी, तिच्यावर नऊ खुंट्या. एका कुलपाला एकच चावी, दुसरी कुणाकडेही नाही. काम संपलं की कुलूप खुंटीला आणि चावी कुलपातच. फळीवर मी मोठ्या अक्षरांत लिहून घेतलं आहे, 'चावी खिशात आहे तोवर माणूस आत आहे.'

दादाने यावर पहिल्या दिवशीच नाक मुरडलं होतं. "वीस वर्षं मी आत जाऊन बाहेर येतोय, मॅडम," तो म्हणाला. कारखान्यात तो मला मॅडम म्हणतो, घरी ठके. "आता मला कुलपाची परवानगी." पण एक नंबरचं कुलूप त्यानेच उचललं आणि कधी चुकवलं नाही. कुरकुर करत का होईना, नियम पाळणारा माणूस तो. मी नऊ नंबर घेतला.

महिन्याचा दुसरा मंगळवार मेंटेनन्सचा. सकाळी सहाला पल्पर थांबतो आणि दुपारी दोनला सुरू व्हायला हवा असतो. हवा असतो म्हणजे प्रॉडक्शन मॅनेजरना. त्यांना सगळे घाईसाहेब म्हणतात. माणूस वाईट नाही, पण एक वाजल्यापासून ते घड्याळाकडे आणि माझ्याकडे आळीपाळीने बघू लागतात.

गेल्या वर्षी उन्हाळ्याच्या तोंडाशी असाच एक मंगळवार होता. पाती बदलून झाली होती, ग्रीस भरून झालं होतं, माणसं हात पुसत एकेक करून येत होती आणि आपापलं कुलूप काढत होती. पावणेदोनला मी नऊ नंबर काढला, खुंटीला लावला आणि इलेक्ट्रिशियनला म्हटलं, "कर वर."

तो म्हणाला, "मॅडम, एक राहिलंय."

फळीकडे पाहिलं तर नऊच्या नऊ खुंट्या भरलेल्या. पट्टीत एक कुलूप लटकत होतं. तसंच लाल, त्याच बनावटीचं. वर नंबर ठोकलेला, दहा.

मी आधी हसले. मग फळीवरचे नंबर पुन्हा मोजले. मग नऊ माणसं मोजली, नावं घेऊन. सगळी समोर उभी होती.

नियम माझाच होता, त्यामुळे मोडायचा प्रश्न नव्हता. कुलूप आहे म्हणजे माणूस आत आहे. आम्ही पल्परच्या बाजूचं बुटकं दार उघडून टॉर्च मारला. खालचा खड्डा पाहिला, वरचा पट्टा पाहिला, मोटारीच्या मागची फट पाहिली. गेटवरच्या वहीत त्या दिवशी बाहेरचं कुणी आलेलं नव्हतं.

कुलपांवर नंबर ठोकले होते आमच्या स्टोअरमधल्या काकांनी. मी त्यांना बोलावलं. त्यांनी चष्मा कपाळावर सरकवून कुलूप डोळ्यांजवळ नेलं.

"यातला एकचा आकडा माझाच," ते म्हणाले. "एकचा पंच वरून झिजलाय, त्याचं टोक असंच बोथट उमटतं. हे बघा, तुमच्या दादांच्या कुलपावर पण तसंच आहे."

"मग तुम्हीच केलंय ना?"

"शून्य कशाने करू?" त्यांनी आकडे ठोकायच्या पंचांची लाकडी पेटी आणून माझ्यापुढे उघडली. प्रत्येक आकड्याला एक खाच. शून्याच्या खाचेत वर्षानुवर्षांची धूळ होती. "मी इथे लागलो तेव्हापासून ही रिकामीच आहे. नऊच कुलपं म्हणालात म्हणून मी हो म्हटलं होतं."

मी कुलूप हातात घेऊन पाहिलं. ते ओलं होतं. चावीच्या भोकात राखाडी लगदा अडकला होता, ताजा, बोटाला लागणारा. मी मोबाईलवर फोटो काढला, तो अजून माझ्याकडे आहे आणि त्यात नंबर स्वच्छ वाचता येतो. मग इलेक्ट्रिशियनला कटर आणायला पाठवलं. तो परत आला तेव्हा पट्टी रिकामी होती. मी तिथून हललेही नव्हते. फक्त एकदा मान वळवून घड्याळ पाहिलं होतं.

पल्पर चाळीस मिनिटं उशिरा सुरू झाला.

पुढच्या महिन्यातही तेच. नऊ कुलपं निघाली, दहावं राहिलं. या वेळी मी माझं कुलूप पुन्हा लावून स्वतः आत उतरले आणि टॉर्चने सगळा घेर पाहिला. आत ओल्या कागदाचा आंबूस वास असतो तो होता, दुसरं काही नव्हतं. पण मी दारातून वाकून बाहेर येत असताना मला उगाच वाटलं की माझ्या मागून अजून कुणीतरी बाहेर यायचं आहे आणि मी वाट अडवून उभी आहे. मी बाजूला झाले. कशासाठी ते मलाही कळलं नाही. वर येऊन पाहते तर दहा नंबर गेलेला. पंचावन्न मिनिटं.

घाईसाहेबांनी मला केबिनमध्ये बोलावलं. "मॅडम, दोन महिन्यांत दीड तास. वरून विचारणा झालीय. यापुढे असं काही दिसलं तर पाच मिनिटांत कापायचं आणि मशीन सुरू करायचं. आणि पुन्हा उशीर झाला तर ती फळीच काढून टाकू. तुमच्या आधी कुलपं नव्हती, तेव्हाही कारखाना चालतच होता."

मला आधीच्या नोकरीतला तो माणूस दिसत होता. फळी गेली तर आमच्या नऊ जणांपैकी कुणाची तरी तशी पाळी यायला किती महिने लागतील, एवढाच हिशोब मी करत होते.

मी भुताखेतांवर विश्वास ठेवत नाही. मग उरतो माणूस. कोणाला माझी कुलपं खुपतात, कोणाच्या हाताला लोखंडाचं कसलंही काम जमतं, कोणाला अशी चेष्टा सुचते? मला एकच नाव सुचलं आणि ते मी डोक्यात दिवसभर घोळवत घरी आले.

दादा आणि वहिनी खालच्या मजल्यावर राहतात, मी वर. संध्याकाळचा चहा तिघांचा एकत्र असतो. मी पिशवी खाली ठेवायच्या आतच म्हटलं, "दादा, पुरे झालं आता. फळी काढायला निघालेत ते."

"काय पुरे झालं?"

"दहा नंबर."

त्याला समजायला थोडा वेळ लागला. समजलं तेव्हा त्याचा चेहरा पडला. त्याने कप बशीत ठेवला. "ठके, आयुष्यभर मी सगळ्यांची टिंगल केली. तुझी तर जास्तच. पण मशीनच्या बाबतीत मी कधी थट्टा केलीय?"

"मग कोण करतंय?"

"ते मला काय माहीत." तो उठून आत गेला. वहिनी माझ्याकडे बघत राहिली. तिचं बघणं मला बोलण्यापेक्षा जास्त लागलं.

त्यानंतर महिनाभर आमचा अबोला. निवृत्तीला त्याचे चार महिने उरले होते आणि ते आम्ही असे घालवत होतो. कारखान्यात तो मला मॅडम म्हणत होता, पण त्यातलं हसू गेलं होतं. मी मनातल्या मनात दहा वेळा त्याची माफी मागितली आणि अकराव्या वेळी पुन्हा विचार केला की त्याच्याशिवाय दुसरं कोण असणार. मी हट्टी आहे, हे आमच्या घरात सगळ्यांना मान्य आहे.

तिसऱ्या महिन्यातला तो मंगळवार स्वच्छ उन्हाचा होता. छताच्या काचांतून ऊन थेट पल्परवर पडत होतं आणि त्याच्या पत्र्यावरचा एकेक डाग दिसत होता. काम नेहमीपेक्षा लवकर उरकलं. दीड वाजता मी ऑफिसात बसून याद्यांवर सह्या करत होते, तेव्हा खिडकीतून माणसं कुलपं काढताना दिसत होती. दादाने एक नंबर खुंटीला लावला. तो क्षणभर स्विचपाशी उभा राहिला आणि मग खिडकीच्या चौकटीबाहेर गेला. जेवायला गेला असेल, असं मी धरून चालले.

पावणेदोनला मी खाली आले. माझं कुलूप मी काढलं. पट्टीत एकच उरलं होतं.

दहा.

इलेक्ट्रिशियनने सकाळीच कटर आणून भिंतीला टेकवून ठेवला होता. वेल्डर पल्परच्या बुटक्या दाराची खीळ लावून येत होता. "दार लोटलेलंच राहिलं होतं, मॅडम," तो म्हणाला. "लावून टाकलं." घाईसाहेब जिन्यावर उभे होते, मनगट वर धरून.

"आत बघितलंस?" मी वेल्डरला विचारलं.

"काय बघायचंय? सगळी बाहेर आहेत."

फळीवर नऊ कुलपं होती. नऊ चाव्या कुलपांत होत्या. आजूबाजूला सात माणसं उभी होती आणि दादा कॅन्टीनमध्ये बसून, माझी कशी फजिती होते याची वाट बघत असणार. माझ्या कानशिलांत रक्त तापलं. इतका राग मला त्याचा आयुष्यात कधी आला नव्हता.

"आण इकडे," मी म्हटलं आणि कटर स्वतः घेतला.

कटरचा जबडा कुलपाच्या कडीवर बसला. कुलूप ओलं होतं, त्यातून एक थेंब माझ्या बुटावर पडला. मी दांडे जवळ आणायला लागले आणि थांबले. थांबले ते भीतीने नाही. यादीतलं तेविसावं काम राहिलं होतं, नळ गळत नाही ना हे ऐकायचं. चोविसावी सही तेविसाव्याशिवाय होत नाही.

मला आज वाटतं, माझ्यात चांगली म्हणावी अशी ती एकच खोड आहे.

मी कटर खाली ठेवला. घाईसाहेब जिन्यावरून म्हणाले, "मॅडम, दोन वाजतायत."

"एक मिनिट."

स्क्रूड्रायव्हरचं टोक मी नळाजवळच्या पत्र्यावर टेकवलं, मूठ कानाला लावली, तोंड बंद ठेवलं.

नळ गळत नव्हता.

ठक ठक ठक.

मी श्वास धरला.

ठक ठक ठक.

"बटणापासून लांब व्हा," मी म्हटलं. आवाज माझा मलाच अनोळखी वाटला. "दार उघडा."

खीळ काढायला वेल्डरला चार सेकंद लागले असतील. ते मला अजून मोजून सांगता येतील. टॉर्चच्या उजेडात आधी नवी पाती चमकली. त्यांच्या पलीकडे, भिंतीच्या वळणाला, निळा सदरा.

दादा पालथा पडला होता. उजवा हात अंगाखाली, कपाळ फुटलेलं. मी त्याच्यापर्यंत कशी पोचले ते मला आठवत नाही. त्याच्या नाकापुढे बोट धरलं.

ऊब लागली.

तो श्वास घेत होता. हळू, घोरल्यासारखा, पण घेत होता. मी तिथेच, त्या ओल्या पोलादावर, त्याचं डोकं मांडीवर घेऊन बसले आणि मोठ्याने रडले. लाज अजिबात वाटली नाही. माझा जीव असा भांड्यात पडला की त्याचा आवाज बाहेरच्यांना ऐकू आला असेल.

त्याला चौघांनी मिळून बाहेर काढलं. रुग्णवाहिका येईपर्यंत घाईसाहेब स्वतः त्याच्या डोक्यावर रुमाल दाबून बसले होते. त्या दिवशी कुणी घड्याळ पाहिलं नाही. जाताना मी स्विचकडे वळून बघितलं. दहा नंबर अजून तिथेच होता. सगळे बाहेर आले होते, तरी तो होता. मी इलेक्ट्रिशियनला म्हटलं, "तो जाईपर्यंत हात लावायचा नाही. कितीही वेळ लागो." तो गेला पाच वाजता, असं मला नंतर कळलं. पाच वाजता पल्पर सुरू झाला.

दवाखान्यात दादा संध्याकाळी शुद्धीवर आला. आठ टाके, मनगटाचं हाड मोडलेलं, बाकी सगळं शाबूत. डॉक्टर म्हणाले, नशीबवान आहात. वहिनी आधी रडली, मग त्याला भरपूर बोलली, मग पाणी आणायला बाहेर गेली. मी त्याच्या डाव्या हाताला धरून बसले होते.

"चुकले रे दादा," मी म्हटलं. "तुझ्यावर नको तो आळ घेतला."

"हो, चुकलीस." तो कष्टाने हसला. "माफी लेखी दे. यादीत घाल, पंचविसावं काम."

आम्ही दोघं हसलो. महिन्याभराचं साठलेलं सगळं त्या हसण्यात निघून गेलं. मग मी विचारलं, "पण तू आत कशाला गेलास? कुलूप काढल्यावर?"

"दहा नंबर दिसला ना." त्याने छताकडे बघत सांगितलं. "माझं काढलं आणि बघतो तर बाकीच्यांच्या मधे लटकलेला. म्हटलं, आज जो कोण आत असेल त्याला धरून तुझ्यासमोर उभा करतो. म्हणजे तुझा विश्वास बसेल."

"आणि तुझं कुलूप परत लावलं नाहीस."

"कशाला? दहा नंबर होताच की. ते आहे तोवर मशीन थोडंच सुरू होतंय. आत गेलो, सगळा घेर बघितला. मागे दाराची खीळ पडल्याचं ऐकू आलं, वळलो तसा पाय घसरला. बस, एवढंच."

"मग ठोकलंस कधी?"

"काय ठोकलं?"

"तीनदा. थांबून पुन्हा तीनदा. मी ऐकलं."

त्याने प्लास्टरमधला हात थोडा वर केला. "हा अंगाखाली होता. आणि पाना बाहेर माझ्या खोक्यात."

डॉक्टरांनाही मी विचारलं. एवढ्या माराने माणूस जागच्या जागी बेशुद्ध होतो, ते म्हणाले. पडल्यावर हातपाय हलवले असतील असं त्यांना वाटत नव्हतं.

त्या कुलपाने दादाला आत नेलं की बाहेर आणलं, यावर मी पुष्कळ विचार करू शकले असते. मी केला नाही. माझा भाऊ उशीला टेकून सूप पीत होता आणि मीठ कमी आहे म्हणून कुरकुरत होता. मला तेवढं पुरेसं होतं.

त्यानंतर सगळं सुरळीत झालं, अगदी सांगण्यासारखं काही नाही इतकं. फळी काढायचं नाव कुणी घेतलं नाही. उलट घाईसाहेब स्वतःसाठी एक कुलूप मागायला आले, पल्परजवळ यायचं असेल तेव्हासाठी. मी त्यांना दादाचा एक नंबर दिला, कारण दादा निवृत्त झाला होता. माणसं पुन्हा नऊच राहिली. काकांकडून मी फळीवर दहावी खुंटी मात्र ठोकून घेतली. "हिच्यावर काय लावायचं?" त्यांनी विचारलं. "काही नाही," मी म्हटलं. "असू दे."

ती खुंटी रिकामीच राहिली. पुढच्या प्रत्येक मेंटेनन्सच्या मंगळवारी नऊ कुलपं लागली आणि नऊ निघाली. प्रत्येक वेळी शेवटचं कुलूप काढताना सगळ्यांच्या नजरा पट्टीवर असायच्या, आणि पट्टी मोकळी दिसली की कुणीतरी जोरात खोकायचं, कुणीतरी विनोद करायचा. पल्पर ठरल्या वेळी सुरू व्हायचा. वर्षभरात एकही खोळंबा नाही, असं वरून पत्र आलं. ते मी दादाला वाचून दाखवलं.

गेल्या आठवड्यातला मंगळवारही असाच. माझ्या वाटणीला त्या दिवशी आतलं काहीच काम नव्हतं, मी फक्त बाहेरून याद्या तपासल्या. दोनला पाच कमी असताना मी नऊ नंबर काढून खुंटीला लावला, चावी कुलपातच ठेवली. पट्टी मोकळी होती. घाईसाहेबांनी बटण दाबलं. मी स्क्रूड्रायव्हर टेकवून बेअरिंग ऐकलं. इतका गोल, इतका निवांत आवाज मी फार दिवसांत ऐकला नव्हता.

घरी आले. वहिनीने चहा ठेवला होता. दादा खुर्चीत बसून डाव्या हाताने रेडिओ उघडून बसला होता, बिघडलेला नसतानाही. मी रुमाल काढायला खिशात हात घातला आणि बोटांना काहीतरी गार लागलं.

एक चावी. ओली. दातांमधे राखाडी लगदा. डोक्यावर ठोकलेला एक, वरून बोथट, आणि त्याच्या शेजारी स्वच्छ, गोल शून्य.

मी ती टेबलावर ठेवली. तिच्याभोवती पाण्याचं छोटंसं तळं झालं. मी लगेच कारखान्यात फोन लावला. पल्पर कसा चालतोय? छान. आवाज? नेहमीचा. मग एकेकाला फोन केले. वेल्डर घरी होता, इलेक्ट्रिशियन घरी होता, काका जरा आडवे झाले होते आणि वैतागले, घाईसाहेब मुलीला अभ्यास शिकवत होते. सगळे सापडले. आठ जण आणि मी, नऊ. मी फोन ठेवला आणि मोठा श्वास सोडला.

दादा चावीकडे बघत होता. फळीवरचं वाक्य त्यालाही पाठ आहे, चावी खिशात आहे तोवर माणूस आत आहे.

"ठके," तो म्हणाला, "तू आलीस ना बाहेर?"

"ही काय, समोर बसलेय," मी म्हटलं. तो हसला, मीही हसले. वहिनीने चहा गाळला.

चावी मी वरच्या खिडकीत ठेवली आहे, दुपारभर ऊन येतं तिथे. आज आठ दिवस झाले. अजून ती सुकलेली नाही.